ओवी : कांडणापासून पाळण्यापर्यंत

मराठी घरांत गेल्या दोन-तीन दशकांत मुलींची जी नवी नावे रूढ झाली, त्यांत ‘ओवी’ या नावाचे स्थान वेगळे आहे. कारण ते देवतेचे, नदीचे, फुलाचे किंवा पुराणातील नायिकेचे नाव नसून एका पद्यप्रकाराचे नाव आहे, आणि हा पद्यप्रकारही संस्कृत छंदःशास्त्रातून उचललेला नसून मराठी बोलणाऱ्या माणसांच्या तोंडी घडलेला आहे. नावांचे अर्थ सांगणाऱ्या आजच्या याद्यांत ‘ओवी’पुढे बहुधा ‘संतांची पवित्र वाणी’ किंवा त्याच आशयाचे शब्द लिहिलेले असतात. हा अर्थ चुकीचा नाही, परंतु अपुरा आहे. ओवीचा लेखी इतिहास संतांपासून सुरू होत नाही. तो उखळापाशी मुसळ घेऊन उभ्या राहिलेल्या बायकांपासून सुरू होतो, आणि ज्ञानेश्वरांच्या हाती ही रचना येण्यापूर्वी किमान दीडशे वर्षे ती स्त्रियांच्या गळ्यात नांदत होती, याला स्पष्ट पुरावा आहे.

‘ओवी’ हा शब्द ‘ओवणे’ या क्रियापदापासून सिद्ध झाला, असे सामान्यतः मानले जाते. सुईत दोरा ओवतात, दोऱ्यात मणी ओवतात, फुले ओवून गजरा करतात. त्याच रीतीने शब्द एका सुरात ओवले की ती ओवी. ‘ओवणे’चे नाते संस्कृतमधील ‘वे’ म्हणजे विणणे या धातूशी जोडले जाते. ‘ओतप्रोत’ या शब्दातील ‘ओत’ हे त्याच धातूचे रूप असून, उभे व आडवे धागे एकमेकांत गुंतलेले असणे हा त्या जोडशब्दाचा मूळ अर्थ आहे. काव्यरचनेला विणकामाची उपमा देण्याची रीत ऋग्वेदाइतकी जुनी आहे. तेथे आपली स्तुती विणत असलेला ऋषी मधेच धागा तुटू नये अशी प्रार्थना करतो. मात्र विणणे आणि ओवणे यांत एक फरक आहे व तो नजरेआड करू नये. विणण्यासाठी माग लागतो, शिकलेला हात लागतो आणि तो धंदा होऊ शकतो. ओवणे हे घराच्या ओसरीवर, हाताशी असलेल्या दोऱ्याने होणारे काम आहे. ज्यांनी या रचनेला हे नाव दिले, त्यांच्या डोळ्यांसमोर मागापेक्षा गजरा असावा, असे मानण्यास शब्दाचे रूपच आधार देते. जुन्या हस्तलिखितांत हा शब्द ‘वोवी’ असा लिहिलेला आढळतो, परंतु त्यावरून त्याचा उगम वेगळा ठरत नाही, कारण शब्दाच्या आरंभीचा ‘ओ’ हा ‘वो’ असा लिहिण्याची जुन्या मराठीची सवयच होती आणि आजचे ‘ओखटे’ तेव्हा ‘वोखटे’ होते.

ओवीचा अत्यंत महत्त्वाचा उल्लेख ‘मानसोल्लास’ या संस्कृत ग्रंथात येतो. कल्याणीच्या, म्हणजे आजच्या कर्नाटकातील बसवकल्याणच्या, चालुक्य घराण्यातील राजा सोमेश्वर तिसरा याने इ. स. ११२९च्या सुमारास रचलेला हा ग्रंथ ‘अभिलषितार्थचिंतामणी’ या नावानेही ओळखला जातो. राजनीती, वैद्यक, स्वयंपाक, शिकार, खेळ, चित्रकला अशा नाना विषयांचा त्यात शंभर अध्यायांत परामर्श घेतलेला असल्यामुळे त्याला मध्ययुगीन दक्षिणेचा ज्ञानकोश म्हटले जाते. त्यातील गीतविनोद नावाच्या प्रकरणात कोणते गीत कोणी व केव्हा गावे हे सांगताना सोमेश्वराने विवाहात धवल, उत्सवात मंगल, योग्यांच्या तोंडी चर्या आणि होळीच्या सणात चर्चरी असे गीतप्रकार नेमून दिले आहेत. आणि त्याच ओघात त्याने महाराष्ट्रात स्त्रिया कांडताना ओवी गातात, अशी नोंद केली आहे. कांडणे म्हणजे उखळात धान्य घालून मुसळाने त्याचा कोंडा वेगळा करणे. नोंद जेमतेम एका ओळीची आहे, पण तिच्यात प्रदेश, गाणाऱ्यांची जात म्हणजे स्त्रीजात, आणि गाण्याचा प्रसंग ही तिन्ही एकत्र आली आहेत. एवढ्या नेमकेपणाने इतक्या जुन्या काळी नोंदले गेलेले मराठी लोकगीत दुसरे दाखवणे कठीण आहे.

या नोंदीतील आणखी एक बारकावा विचार करण्यासारखा आहे. पुढील काळात ओवी म्हटली की जातेच आठवते, इतके दळण आणि ओवी यांचे नाते घट्ट झाले. पण सोमेश्वराने दळणाचा नव्हे तर कांडणाचा उल्लेख केला आहे. मुसळाचा घाव वरून खाली ठराविक अंतराने पडतो, दोघी कांडत असतील तर घाव आळीपाळीने पडतात, आणि हात चुकू नयेत म्हणून दोघींना एका तालात राहावेच लागते. जात्याची गती याहून वेगळी, गोल आणि सलग असते. एकच गीतप्रकार या दोन्ही कामांना साथ देऊ शकला, याचे कारण ओवीच्या घडणीत आहे. तिच्या चरणांतील अक्षरांची संख्या काटेकोर बांधलेली नाही. अक्षर लांबवून किंवा आखडून गाणारी स्त्री ती आपल्या हाताच्या गतीला जुळवून घेऊ शकते. ज्या लवचिकपणाबद्दल छंदःशास्त्राचे काही अभ्यासक ओवीला शिथिल म्हणतात, तो लवचिकपणा मुळात कामाची गरज म्हणून आलेला आहे, आणि त्याला दोष म्हणणे अन्यायाचे आहे.

सोमेश्वरानंतर सुमारे शंभर वर्षांनी शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ हा ग्रंथ लिहिला. शार्ङ्गदेवाचे घराणे मूळचे काश्मीरचे; तो स्वतः देवगिरीच्या यादव राजा सिंघण याच्या पदरी होता आणि सिंघणाची कारकीर्द इ. स. १२१० ते १२४७ अशी आहे. देवगिरी म्हणजे आजचे दौलताबाद, त्यामुळे ओवी त्याच्या कानांवर नित्य पडत असणार. त्याने ओवीचे लक्षण सांगताना तीन खंड, त्यांना जोडणारे प्रास म्हणजे यमक, देशभाषेतील शब्द, आणि शेवटी ‘ओवी’ हेच पद, असे वर्णन केले आहे. गीताच्या अखेरीस गीताच्याच प्रकाराचे नाव उच्चारण्याची ही रीत लक्षणीय आहे, कारण पुढील काळातील स्त्रियाही आपल्या ओव्यांना पहिली, दुसरी, तिसरी असे क्रम देऊन ‘ओवी’ हा शब्द गीतातच गोवत आल्या आहेत. म्हणजे मुलीचे नाव होण्यापूर्वी कितीतरी शतके हा शब्द नुसते शास्त्रातील पारिभाषिक नाव नव्हता. तो पहाटेच्या गाण्यात हाक मारल्यासारखा उच्चारला जात होता.

इ. स. १२९० मध्ये, म्हणजे शके १२१२ मध्ये, नेवासे येथे ज्ञानेश्वरांनी गीतेवरील आपली टीका ओवीत सांगितली आणि ओवीच्या इतिहासाला नवे वळण लागले. त्यांच्याआधीही ओवीत ग्रंथरचना झाली होती. मुकुंदराजांचा ‘विवेकसिंधु’ परंपरेने इ. स. ११८८चा मानला जातो. परंतु सुमारे नऊ हजार ओव्यांची ज्ञानेश्वरी झाली आणि ओवी ही मराठीतील तत्त्वविचाराची व कथनाची प्रमुख रचना ठरली. या ग्रंथाच्या अठराव्या अध्यायात ज्ञानेश्वर आपल्या ओवीविषयी असे सुचवतात की ती गायिली तर शोभतेच, पण न गाताही तिचा रंग उतरत नाही. या विधानाचे महत्त्व फार मोठे आहे. मुळात गळ्यावाचून जिचे अस्तित्व नव्हते, ती ओवी येथे डोळ्यांनी वाचण्याची आणि तोंडाने नुसती म्हणण्याची वस्तू झाली. अभ्यासक या रूपाला ग्रंथिक ओवी म्हणतात आणि गळ्यात राहिलेल्या जुन्या रूपाला लोकगीतातील किंवा जात्यावरची ओवी म्हणतात. ग्रंथिक ओवीला चार चरण असतात. पहिल्या तिघांच्या अखेरीस यमक जुळते आणि चौथा चरण बहुधा आखूड व यमकाच्या बंधनातून सुटलेला असतो. शार्ङ्गदेवाचे तीन प्रासयुक्त खंड येथे जसेच्या तसे दिसतात. शेवटी ‘ओवी’ हे पद असे, त्या जागी आता अर्थ पूर्ण करणारा चौथा चरण आलेला आहे, असे म्हणता येईल.

पुढील चार-पाच शतके मराठीतील मोठे ग्रंथ याच घाटात लिहिले गेले. एकनाथांनी भागवताच्या एकादश स्कंधावरील टीका पैठणला आरंभून काशीला १५७३ मध्ये पूर्ण केली ती ओवीत. समर्थ रामदासांचा वीस दशकांचा व दोनशे समासांचा ‘दासबोध’ ओवीत. श्रीधरांच्या घरोघर वाचल्या गेलेल्या पोथ्या आणि महीपतींची संतचरित्रेही ओवीत. कालांतराने कोणत्या कवीची कोणती रचना श्रेष्ठ हे सांगणारे एक पद्य महाराष्ट्रात सर्वतोमुखी झाले, त्यात श्लोक वामनपंडितांना, अभंग तुकारामांना, आर्या मोरोपंतांना आणि ओवी ज्ञानेश्वरांना बहाल केली गेली. रसिकांचा निवाडा म्हणून ते पद्य योग्यच आहे, कारण ग्रंथिक ओवीला ज्ञानेश्वरांनी जी उंची दिली ती पुन्हा कोणाला गाठता आली नाही. मात्र शाळेपासून कानांवर पडत आलेल्या या पद्याचा एक परिणाम असा झाला की ओवीची मालकी नकळत बदलली. सोमेश्वराने जी महाराष्ट्रातील स्त्रियांची म्हणून नोंदवली होती, ती ज्ञानेश्वरांची म्हणून ओळखली जाऊ लागली, आणि नावांच्या याद्यांतील ‘संतांची वाणी’ हा अर्थ याच समजुतीची शेवटची पायरी आहे. स्वतः ज्ञानेश्वरांनी मात्र आपण देशी भाषेतील रचना वापरत आहोत ही जाणीव कधी लपवली नाही. घराघरांत बायकांच्या तोंडी असलेली रचना त्यांनी तत्त्वज्ञानासाठी निवडली, यातच त्यांचे मोठेपण आहे.

स्त्रियांची ओवी या काळात थांबली नव्हती. पहाटे कोंबडा आरवण्याच्या सुमारास घरातील बाई उठे, जात्यापाशी बसे, वरच्या तळीच्या तोंडात मूठमूठ धान्य वैरी आणि खुंटा धरून ती तळी फिरवू लागे. जोडीला सासू, जाऊ, नणंद किंवा शेजारीण असली तर दोघी समोरासमोर बसून एकच खुंटा ओढीत. वैरणे म्हणजे जात्याला दाण्यांचा घास भरवणे, आणि हा शब्दच जात्याकडे सजीव म्हणून पाहणारा आहे. ओव्यांतही जात्याला देव म्हणून हाक मारलेली असते, कारण मनातले दुसऱ्या कोणाला सांगता येत नसेल ते त्याला सांगायचे असे. पहिल्या ओव्या देवांना, त्यांत बहुतेक वेळा पंढरीच्या विठ्ठलाला आणि गावच्या दैवताला. मग आईबापांना, भावाला, लेकराला. मग सासरचे बोलणे, माहेरची वाट, दिवाळीला न आलेला भाऊ, नांदायला गेलेली लेक. आणि दळण सरले म्हणजे सरत्या दळणाची ओवी गाऊन जात्याला विसावा. ही ओवी बहुधा दोन लांब ओळींची असते. चाल तीच राहते, शब्द मात्र जुन्या साठ्यातून घेऊन त्यात आपल्या भावाचे, मुलाचे, गावाचे नाव बसवायचे, अशी तिची रीत आहे. म्हणून एकच ओवी शेकडो गावांत वेगवेगळ्या नावांनिशी सापडते.

ओवी कोणत्याही एका जातीची नव्हती, हे ठासून सांगणे आवश्यक आहे. शेतकरी, कारागीर, ब्राह्मण आणि दलित, सर्वच घरांत दळण बायकांच्या वाट्याला होते आणि म्हणून ओवीही सर्वांची होती. बीड जिल्ह्यातील माजलगावच्या भीमनगर वस्तीतील स्त्रियांनी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांवर ओव्या गाइल्या आहेत आणि त्यांत भीमरावांना देवाच्या जागी, भावाच्या जागी, बापाच्या जागी बसवले आहे. जुन्या घाटात नवा आशय इतक्या सहज मावतो, कारण तो घाट मुळातच आपले माणूस आत घेण्यासाठी केलेला आहे.

तरीही या ओव्यांना कर्त्रीचे नाव नाही. अभंगाच्या अखेरीस कवी आपले नाव गुंफतो, त्याला नाममुद्रा म्हणतात. ग्रंथिक ओवीचा कर्ताही ग्रंथात आपला उल्लेख करतोच. जात्यावरच्या ओवीला अशी मुद्रा नसते. गंगाखेडच्या जनाबाईने दळणाकांडणाला आपल्या अभंगांत स्थान दिले आणि विठ्ठल तिच्यासंगे दळू लागतो ही कथा महाराष्ट्राने हृदयाशी धरली, पण तिच्याही मुद्रेत तिची ओळख नामदेवाची दासी अशी आहे. १८८० ते १९५१ या काळात जगलेल्या, लिहिणेवाचणे न शिकलेल्या बहिणाबाई चौधरींची गाणी ओवीच्याच वळणाची आहेत. त्यांच्या मुलाने, कवी सोपानदेव चौधरींनी, ती जपली आणि त्यांच्या निधनानंतर आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह ती प्रसिद्ध झाली, म्हणून ते नाव टिकले. बाकीच्या असंख्य जणींचे नाव पिठाबरोबर उडून गेले.

विसाव्या शतकात ही गीते लिहून घेण्याचे काम अनेकांनी मनापासून केले. साने गुरुजींनी ‘स्त्रीजीवन’ या ग्रंथात ओव्यांचा मोठा संग्रह केला, डॉ. सरोजिनी बाबर यांनी लोकसाहित्य समितीच्या द्वारे खंडामागून खंड काढले, आणि डॉ. कमलाबाई देशपांडे यांनी आपल्या ग्रंथाला ‘अपौरुषेय वाङ्मय’ असे नाव दिले. अपौरुषेय हे वेदांचे विशेषण आहे आणि त्याचा अर्थ कोणा माणसाने न रचलेले असा केला जातो. पण पुरुषाने न रचलेले हा त्याचा शब्दशः अर्थ स्त्रीगीतांना लावून कमलाबाईंनी या वाङ्मयाचा मान एका शब्दात वेदांच्या पंक्तीला नेऊन बसवला. पुढे गी पॉइटविन आणि हेमा राइरकर यांनी पुण्यातून चालवलेल्या जात्यावरच्या ओव्यांच्या प्रकल्पात एक लाखाहून अधिक ओव्या गोळा झाल्या, आणि २०१७ पासून ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या संग्रहाने त्या ध्वनिमुद्रणांसह प्रकाशित करण्यास आरंभ केला. या संग्रहात ओवीसोबत ती गाणाऱ्या स्त्रीचे नाव आणि गाव दिलेले असते. आठशे-नऊशे वर्षांत जे झाले नव्हते ते येथे झाले.

आता मुलींच्या नावांकडे वळावयाचे, तर जुन्या धर्मशास्त्राने त्याविषयी बरेच नियम घालून ठेवले होते. पारस्कर गृह्यसूत्राच्या मते मुलीच्या नावात अक्षरे विषम असावीत व शेवट ‘आ’ने व्हावा, मनुस्मृतीच्या मते ते नाव उच्चारायला सोपे, कठोर नसलेले, स्पष्ट अर्थाचे, मंगल आणि दीर्घ स्वराने संपणारे असावे. याच स्मृतीत वधूची निवड सांगताना नक्षत्र, वृक्ष, नदी, पर्वत, पक्षी यांची नावे असलेल्या मुली टाळाव्यात असेही म्हटले आहे. महाराष्ट्राने हा शेवटचा नियम कधीच मनावर घेतला नाही. गंगा, यमुना, गोदा, कृष्णा, भीमा ही नावे येथे पिढ्यान्‌पिढ्या चालली, तुळसा चालली, आणि ओव्यांमध्ये तर लाडक्या लेकीला मैना म्हणतात व मुलाला राघू. ‘ओवी’ हे नाव दोन अक्षरांचे व ‘ई’ने संपणारे असल्याने पारस्कराच्या कसोटीला उतरत नाही, मनूच्या पहिल्या कसोटीला मात्र ते पूर्ण उतरते.

छंदाचे नाव मुलीला देण्याची कल्पनाही अगदी नवी नाही. गायत्री हा आठ-आठ अक्षरांच्या तीन चरणांचा वैदिक छंद. त्याची देवता झाली आणि मग ते घरोघरचे नाव झाले. मालिनी हे पंधरा अक्षरांचे आणि शालिनी हे अकरा अक्षरांचे वृत्त आहे. वृत्त म्हणजे अक्षरांचा व त्यांच्या लघुगुरूंचा ठराविक क्रम. आर्या हे नाव अलीकडे फार लोकप्रिय आहे आणि तेही मात्रांवर बांधलेल्या एका छंदाचे नाव असून, प्राकृतात त्याच छंदाला ‘गाहा’ म्हणजे गाथा म्हणत. सातवाहन राजा हाल याच्या नावे प्रसिद्ध असलेला महाराष्ट्री प्राकृतातील संग्रह त्याच छंदात आहे. गाथा हेही आज मुलीचे नाव आहे. शिवाय ऋचा, श्रुती, गीता, कविता आहेतच. या मालिकेत ओवी शेवटी आली, पण ती एका बाबतीत सर्वांहून निराळी आहे. बाकीची नावे संस्कृतातून किंवा संस्कृत रूप घेऊन आली. मराठी माणूस मुलीचे नाव निवडताना शतकानुशतके संस्कृत शब्दाकडेच प्रतिष्ठेचा शब्द म्हणून पाहत आला. ओवी हा निखळ मराठी शब्द त्या प्रतिष्ठेला पोहोचला, ही भाषेच्या दृष्टीने मोठी घटना आहे. तिच्याजवळ बसणारे दुसरे नाव सईचे. संस्कृत सखी, प्राकृत सही, मराठी सई असा त्याचा प्रवास असून शिवाजी महाराजांच्या पत्नी सईबाई यांच्यामुळे ते इतिहासात परिचित होते. मधल्या काळात मागे पडलेले ते नाव ‘बाई’ हा प्रत्यय टाकून पुन्हा आले.

नाव निवडले जाणे हेच मुलीच्या वाट्याला सदैव येत नव्हते, हेही येथे नोंदवले पाहिजे. लग्नात ताम्हणातील तांदळांवर सोन्याच्या अंगठीने नवऱ्याने नवे नाव लिहायचे आणि माहेरचे नाव तेथे संपायचे. यमुना कुर्लेकर यांच्या रमाबाई रानडे झाल्या, यमुना जोशी हिची आनंदी झाली आणि १८८६ मध्ये फिलाडेल्फियाहून वैद्यकाची पदवी तिने त्या दुसऱ्याच नावाने मिळवली. मनकर्णिका गोखले यांच्या लक्ष्मीबाई टिळक झाल्या. मुलगा हवा असताना झालेल्या मुलीला ‘नकुसा’ म्हणजे नकोशी असे नाव ठेवण्याची दुःखद रूढीही याच महाराष्ट्रातली. २०११ मध्ये सातारा जिल्हा प्रशासनाने अडीचशेहून अधिक नकुसांची नावे समारंभपूर्वक बदलली. या पार्श्वभूमीवर जाणूनबुजून शोधलेले, भाषेच्या अभिमानातून आलेले ‘ओवी’ हे नाव किती दूरचा पल्ला दाखवते, ते सहज कळते.

ओवी हे नाव आजच का रुजले, याची कारणे फार गूढ नाहीत. लहान, दोन अक्षरी, ‘बाई’ वा ‘ताई’ न लावता पूर्ण वाटणारी नावे शहरी मराठी कुटुंबांना आवडू लागली. परदेशी स्थायिक झालेल्या मराठी माणसांना जोडाक्षर किंवा ‘ळ’ नसलेले, परक्या जिभेलाही पेलणारे नाव सोयीचे वाटले. फिनलंडच्या भाषेत ‘ओवी’ म्हणजे दार, पण तो निव्वळ उच्चाराचा योगायोग आहे. याहून महत्त्वाचे कारण असे की पिठाच्या गिरण्या गावोगाव पोहोचल्यानंतर जाते अडगळीत गेले आणि ओवीच्या मागचा श्रम नजरेआड झाला. ज्या बाईला रोज पहाटे चार शेर दळायचे होते, तिने लेकीला ओवी असे नाव ठेवल्याचे परंपरेने जपलेल्या स्त्रीनावांत दिसत नाही. तिच्या दृष्टीने ओवी म्हणजे खांदे भरून येण्याची वेळ होती. जना, सखू, बहिणा ही ओवी गाणाऱ्यांची नावे आज क्वचितच ठेवली जातात, कारण त्यांना अजून कष्टाचा वास आहे. ओवी मात्र ग्रंथांतून, पारायणांतून, पाठ्यपुस्तकांतून उजळून आल्यामुळे पाळण्यापर्यंत पोहोचू शकली. म्हणजे हे नाव संतांच्या वाटेने घरात आले, हे मान्यच केले पाहिजे.

पण बारशाच्या दिवशी पाळणा सजवून, आत्येने मुलीच्या कानात नाव सांगितल्यावर, भोवती जमलेल्या बायका जी पाळणागीते म्हणतात, ती कोणा पंडिताची नसतात. तीही मुखोद्गत चालत आलेली, बायकांनीच रचलेली आणि बायकांनीच जपलेली असतात. इंग्रजी अमदानीत मोल्सवर्थने मराठीचा कोश सिद्ध केला, तेव्हा त्यानेही ‘ओवी’ या शब्दाखाली पद्याचा एक प्रकार हा अर्थ देऊन बायकांनी दळताना म्हणायचे गीत हा अर्थ त्याच्या शेजारी नोंदवला. मोल्सवर्थ जे विसरला नाही, ते आजच्या नावांच्या याद्यांनीही विसरू नये. ज्या घरात ओवी नावाची मुलगी वाढते आहे, तेथे तिने आपल्या नावाचा अर्थ विचारला तर आधी कांडणाऱ्या व दळणाऱ्या बायकांचे गाणे आणि मग ज्ञानेश्वरांचा छंद, या क्रमाने तो सांगावा. कारण ११२९ आणि १२९० या दोन सालांचा क्रमही तोच आहे.